मने साल

खालच्या गाळ्यावर नवी पाटी लागली.
कन्नड मोठं, इंग्रजी बारीक, मराठी नाहीच.
अक्षरं लावत लावत वाचली:
मने साल.
त्यांच्यात मने म्हणजे घर, साल म्हणजे कर्ज.
आमच्यात साल म्हणजे वर्ष, नाहीतर झाडाची,
आणि मने म्हणजे जी कधी मोजून झाली नाहीत.
एकतीस वर्षं या वडगावच्या संस्थेत
दोन्ही भाषांत पावत्या फाडल्या,
आणि हे सुचतंय आत्ता,
निवृत्तीला सहा महिने असताना.

आधी आम्ही घर मोजायला जायचो.
मी, टेप, आणि संचालक अष्टेकर, ज्यांना उन्हात चक्कर यायची.
जोतं झालं की पहिली रक्कम,
लिंटलला दुसरी, स्लॅबला तिसरी.
सिमेंटच्या रिकाम्या पोत्यावर बसून चहा.
कर्ज मागणारा सभासद, म्हणजे संस्थेचा मालकच,
खिशात दहा रुपयांचा शेअर, घामानं मऊ झालेला,
आणि मालकालाच आम्ही विचारायचो,
फेडशील न्हवं?
परतताना त्याच्या मागाचा खटका ऐकू आला
की मी फाईलवर टिक करायचो.
त्यासाठी रकाना नव्हता.

आता सोनं येतं. पाटल्या, बोरमाळ,
एकदा कुणाच्या तरी नातवाचा वाळा.
काचेच्या पेटीत तराजू आहे.
टेप कुठं गेली, कुणाला माहीत नाही.
घरं उतरली खालच्या मजल्यावर:
मोबाईलवर मंजुरी, भिंत न बघता.
त्यांचं भाडं महिना अठ्ठावीस हजार,
त्यातनंच यंदा लाभांश दिला, आठ टक्के.
वार्षिक सभेत टाळ्या पडल्या. भजी बरी होती.

मंगळवारी अक्काताई कामकर आली,
शेवटचा हप्ता घेऊन. अठरा सालांचं साल.
बळ्ळारी नाल्याचं पाणी मागाच्या खड्ड्यात शिरलं
त्या वर्षी तिचे तीन हप्ते जामीनदारानं भरले,
शंकरेप्पा मुनवळ्ळी, शेजारचा,
आणि मला बजावलं, हेळबेडा, तिला सांगू नका.
मी सांगितलं नाही. अजून नाही.

लेक खाली जाऊन आलाय म्हणाली.
हिंडलग्याकडं फ्लॅट बघितलाय, घर तारण ठेवतो म्हणतोय.
घर तिच्या नावावर, म्हणून तिचा स्कोअर काढला.
मशीन म्हणालं, हिचा इतिहासच नाही.
दोनशे सोळा हप्ते आमच्या लाल खतावणीत आहेत,
खतावणी मशीनला वाचता येत नाही.
तरी जमवतो म्हणालाय तिथला पोरगा,
कागद तेवढे आणा.

मी खरेदीपत्र काढलं. कापूर आणि वाळवीच्या औषधाचा वास.
तिनं हात पुढं केला नाही.
"इथंच असू देत की वो."
बोजा उतरला की ठेवता येत नाही, मी म्हणालो, नियम आहे.
ती पंख्याकडं बघत राहिली बराच वेळ.
मग म्हणाली,
"मग पाच हजाराचं साल द्या. घरावर."

काय करणार पाच हजाराचं?
"इथंच ठेव म्हणून ठेवा."

मी हिशेब केला, सवयीनं.
ठेवीचं व्याज साडेसात, कर्जाचं अकरा.
फरक साडेतीन टक्के,
वर्षाला पावणेदोनशे रुपये,
एका कपाटाचं भाडं. शिवाय गहाणखताचा खर्च.
"चालतंय," ती म्हणाली.
खाली कुणीतरी काचेचं दार ढकललं,
थंड हवेचा एक झोत जिन्यानं वर आला आणि विरला.

अर्ज भरायला घेतला.
कर्जाचे कारण: इथं माझा पेन थांबला.
दुरुस्ती? शिक्षण? विवाह?
कन्नड फॉर्म होता. लिहिलं, मने.
दोन्हीकडून वाचलं तरी खोटं नव्हतं.

जामीनदाराची ओळ उरली.
शंकरेप्पा गेल्या दसऱ्याच्या आधी गेले.
"तुमचं लिहा," ती म्हणाली.
नोकराला जामीन राहता येत नाही, हेही
नियमातच आहे.
बोललो नाही. टोपण काढलेलं पेन हातात तसंच,
आणि गल्लीत कुठंतरी,
दुपारची वीज आल्यावर,
एक माग सुरू झाला.